हॅम रेडिओचा लॉग स्प्रेडशीटमध्ये कसा ठेवावा

हॅम रेडिओचा, म्हणजे हौशी बिनतारी संवादाचा, परवाना मिळाल्यानंतरच्या पहिल्याच हिवाळ्यात मी जर्मनीतल्या एका स्टेशनला क्यूएसएल कार्ड, म्हणजे आमचं बोलणं झाल्याची पोच, पाठवलं होतं. काही महिन्यांनी माझंच कार्ड परत आलं. मागे निळ्या शाईत तीन अक्षरं लिहिलेली: एनआयएल. नॉट इन लॉग, म्हणजे ‘माझ्या लॉगमध्ये, संपर्कांच्या नोंदवहीत, नाही’. त्या माणसाशी मी नक्की बोललो होतो. त्याने माझं नाव दोनदा विचारून घेतलं होतं, त्याच्याकडे बाहेर बर्फ पडत होता हेही मला आठवत होतं. पण कार्डावर मी जी तारीख घातली होती, त्या तारखेला आमचं बोलणं झालंच नव्हतं. माझ्या भिंतीवरच्या घड्याळात रात्रीचे अडीच वाजले होते आणि तारीख उलटली होती. लॉग ज्या घड्याळावर चालतो, त्यात अजून आदला दिवस संपायचा होता.

तेव्हापासून मी नव्या हॅम मंडळींना एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगत आलोय. लॉगची प्रत्येक ओळ दोघांची असते. तिचं दुसरं टोक कुठेतरी लांब, न पाहिलेल्या माणसाच्या वहीत असतं आणि दोन्ही टोकं जुळली तरच तो संपर्क पक्का होतो. आपली एक मिनिटाची किंवा एका अक्षराची चूक समोरच्याचा संपर्कही बुडवते. खाली शीट कशी आखायची, काय टाळायचं हे सगळं सांगतोय ते या जुळण्यासाठीच. एक्सेल, लिब्रेऑफिस कॅल्क, गूगल शीट्स, यांपैकी जे हाताशी असेल ते चालेल.

आधी वही, मग शीट

आपल्याकडे लॉग ठेवणं हा परवान्याचाच भाग आहे. १९७८ च्या अमॅच्युअर सेवेच्या नियमांत लॉगसाठी सुटी पानं न वापरता बांधीव वही ठेवायला सांगितलेलं आहे. एएसओसीच्या, म्हणजे हॅम ऑपरेटरच्या प्रमाणपत्राच्या, परीक्षेसाठी तुम्ही हे वाचलं असेलच. तुमच्या परवान्यासोबतच्या अटी पुन्हा एकदा नीट वाचा आणि शीट सुरू केली म्हणून वही बंद करू नका.

दोन्हींचं काम वेगळं आहे. वहीत सगळं जातं: उत्तर न आलेला सीक्यू (‘कुणी आहे का’ अशी सगळ्यांना घातलेली साद), अँटेना जुळवताना केलेलं टेस्टिंग, मध्येच बँड बसल्यामुळे, म्हणजे लहरी पोचेनाशा झाल्यामुळे, तुटलेलं बोलणं. शीटमध्ये फक्त पूर्ण झालेले संपर्क उतरवायचे. पूर्ण म्हणजे दोघांनी एकमेकांचा कॉलसाइन (परवान्यासोबत मिळालेलं स्टेशनचं सांकेतिक नाव) बरोबर घेतला, दोघांनी रिपोर्ट (सिग्नल कसा पोचतोय ते सांगणारे आकडे) दिला आणि मिळाल्याचं सांगितलं. ‘बहुतेक त्याने माझंच नाव घेतलं’ असा संपर्क शीटमध्ये घालू नका, कितीही दूरच्या देशातला असला तरी.

शिवाय माईक हातात असताना पेन चालतं, माउस चालत नाही. मी बोलता बोलता वहीत लिहितो आणि रिग, म्हणजे रेडिओ संच, बंद करायच्या आधी, सगळं डोक्यात ताजं असताना, शीटमध्ये उतरवतो. दुसऱ्या दिवसावर ढकललं की खाडाखोडीतला तीन होता की आठ, हे आपलं आपल्यालाच कळत नाही.

खाने आखून घेऊ

कोरी शीट उघडा. पहिल्या ओळीत शीर्षकं लिहा आणि ती ओळ गोठवून ठेवा, म्हणजे खाली कितीही सरकलात तरी ती वर दिसत राहील. शीर्षकं इंग्रजीत असू द्या, पुढे दुसऱ्या सॉफ्टवेअरला ती वाचावी लागतील. माझ्या शीटमध्ये डावीकडून हे खाने आहेत: ए मध्ये भारतीय तारीख-वेळ, बी मध्ये यूटीसी (जगभर एकच धरलेली प्रमाणवेळ) तारीख-वेळ, सी मध्ये कॉलसाइन, डी मध्ये फ्रिक्वेन्सी, ई मध्ये बँड, एफ मध्ये मोड, जी मध्ये मी दिलेला रिपोर्ट, एच मध्ये मला मिळालेला रिपोर्ट, आय मध्ये नाव, जे मध्ये ग्रिड, के आणि एल मध्ये कार्ड गेलं-आलं, आणि शेवटी एम मध्ये शेरा.

एवढं पुरे. सुरुवातीला उत्साहात लोक वीस-वीस खाने करतात: हवामान, वॉट, अँटेनाची उंची, सौरडाग. पंधरा दिवसांनी त्यातले बारा रिकामे राहतात आणि मग शीटच उघडावीशी वाटत नाही. वॉट बदलले, अँटेना बदलली तर शेऱ्यात लिहा.

आता टायपिंगला हात घालण्याआधी एक काम करा. सी, जी, एच आणि जे हे खाने निवडून त्यांचं फॉरमॅट ‘टेक्स्ट’ करून ठेवा. हे आधी केलं नाही तर काय होतं ते पुढे येईलच. आणि कीबोर्ड इंग्रजीवर ठेवा. या लेखात मी सगळं देवनागरीत लिहितोय, पण कॉलसाइन, आकडे, सूत्रं हे सगळं शीटमध्ये इंग्रजी अक्षरांत आणि इंग्रजी अंकांतच टाकायचं आहे.

तारीख आणि वेळ

सगळ्यात जास्त चुका इथे होतात, म्हणून इथे जरा थांबू.

जगभरचे हॅम लॉग यूटीसीत ठेवतात. आपली वेळ यूटीसीच्या साडेपाच तास पुढे, म्हणजे आपल्या वेळेतून ५ तास ३० मिनिटं वजा केली की यूटीसी मिळते. वजाबाकी सगळ्यांना जमते. घोळ होतो तो तारखेचा. किल्लारीचा भूकंप आठवा. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. ही तारीख आपल्याकडे कुणाला सांगावी लागत नाही. पण यूटीसीच्या हिशेबात तोच क्षण २९ सप्टेंबरच्या २२:२६ चा आहे. उलट २००४ ची त्सुनामी ज्या भूकंपाने आली तो झाला २६ डिसेंबरला ००:५८ यूटीसीला. आपल्याकडे सकाळचे ६:२८ झाले होते, म्हणून तारीख दोन्हीकडे २६ च. त्या सकाळी हैदराबादच्या नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ अमॅच्युअर रेडिओच्या भारती प्रसाद आणि त्यांचे सहकारी पोर्ट ब्लेअरहून व्हीयू४आरबीआय या कॉलसाइनने हवेत होते. जगभरच्या हौशी संपर्कांसाठी लावलेलं ते स्टेशन त्यानंतर आपत्तीचे निरोप पोचवायला लागलं. अशा वेळी निरोप नेमका केव्हा निघाला हे किती महत्त्वाचं असेल याचा विचार करा, म्हणजे लॉगमधल्या चार आकड्यांकडे आपोआप वेगळ्या नजरेने पाहाल.

तर हिशेब असा: पहाटे साडेपाचच्या आधीचा संपर्क असेल तर यूटीसीची तारीख एक दिवस मागे. साडेपाचनंतर तीच तारीख.

हे डोक्यात करायची गरज नाही, शीटला करू द्या. पण त्यासाठी तारीख आणि वेळ एकाच खान्यात हवी. बरेच जण तारखेचा एक आणि वेळेचा एक असे दोन खाने करतात आणि वेळेच्या खान्यातून साडेपाच तास वजा करायला जातात. रात्री दोनमधून साडेपाच गेले की उत्तर ऋण येतं, एक्सेलला ऋण वेळ दाखवता येत नाही आणि खानाभर नुसती फुल्याफुल्यांची जाळी दिसते. तारीख सोबत असेल तर वजाबाकी बरोबर आदल्या दिवशी जाऊन पोचते.

ए२ मध्ये संपर्काची भारतीय तारीख-वेळ टाका. ती अशी टाका: २०२५-०१-१२ २१:१०. आधी वर्ष, मग महिना, मग दिवस. आपल्या सवयीप्रमाणे १२/१/२०२५ लिहिलं आणि संगणकाची मांडणी अमेरिकी पद्धतीची असली तर तो ते १ डिसेंबर समजतो. गंमत म्हणजे १३/१/२०२५ टाकलं तर तेरावा महिना नसल्यामुळे तो ते तारीख मानतच नाही, नुसता मजकूर म्हणून ठेवतो. म्हणजे महिन्याचे पहिले बारा दिवस चुकीचे आणि उरलेले निर्जीव. वर्ष आधी लिहिलं की हा प्रश्नच उरत नाही.

मग बी२ मध्ये सूत्र: =ए२-५.५/२४. शीटसाठी एक दिवस म्हणजे एक, म्हणून साडेपाच तास म्हणजे साडेपाच भागिले चोवीस. उत्तर यायला हवं २०२५-०१-१२ १५:४०. आकडाच दिसला तर घाबरू नका, त्या खान्याला तारीख-वेळेचं फॉरमॅट द्या. सूत्र खाली ओढत न्या.

संपर्क चालू असताना थेट शीटमध्ये लिहीत असाल तर एक्सेलमध्ये कंट्रोल धरून अर्धविराम दाबला की आजची तारीख येते. एक मोकळी जागा सोडून कंट्रोल-शिफ्ट-अर्धविराम दाबला की त्याच खान्यात वेळ येते. नाऊ हे फंक्शन मात्र वापरू नका. ते दर वेळी नव्याने मोजतं. आज बरोबर दिसलेली वेळ उद्या फाइल उघडल्यावर उद्याची झालेली असते, आणि ती गेलेली वेळ परत मिळत नाही.

दुबईत, मस्कतमध्ये असलेल्यांनी साडेपाचऐवजी चार धरावेत, सिंगापूरला आठ. पण तुम्ही न्यू जर्सीला किंवा लंडनला असाल तर हे सूत्र ठेवूच नका. तिथे उन्हाळ्याला घड्याळ सरकतं, त्यामुळे वर्षातले कित्येक महिने सूत्र चुकीचं असेल. ए खाना काढून टाका आणि यूटीसीवर लावलेलं एक साधं घड्याळ रिगशेजारी ठेवून थेट बी मध्ये लिहा. असं घड्याळ माझ्याही टेबलावर आहे. सूत्राचं उत्तर त्याच्याशी एकदा ताडून पाहिलं की मन शांत होतं.

जर्मनीचं ते कार्ड मी तारीख दुरुस्त करून पुन्हा पाठवलं. उत्तर आलं, सोबत त्याच्या छतावरच्या यागी अँटेनाचा फोटो होता.

कॉलसाइन

आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकावरून अंतराळवीर जे कॉलसाइन वापरतात त्यांतले दोन पाहा: एनए१एसएस आणि आरएस०आयएसएस. पहिल्यात एन आणि ए नंतर एक हा आकडा आहे, पण घाईत लिहिला तर तो इंग्रजी आय दिसतो. दुसऱ्यात शून्य आहे, ते ओ दिसतं. वहीत शून्याला तिरकी रेघ मारायची आपली सवय चांगलीच आहे. शीटमध्ये मात्र रेघवालं शून्य शोधून टाकू नका, ते वेगळंच अक्षर असतं आणि कुठल्याच लॉगशी जुळत नाही. साधं शून्य टाका.

सगळी अक्षरं मोठ्या लिपीत. पोर्टेबल स्टेशन असेल तर तिरकी रेघ आणि पी, गाडीतून असेल तर एम, जसं हवेत ऐकलं तसंच. रेघेनंतरचा भाग गाळला की तो वेगळा कॉलसाइन झाला.

दोन गोष्टी डोळ्यांना दिसत नाहीत म्हणून मुद्दाम सांगतो. शीटला पुढचं आपणहून भरून द्यायची सवय असते. तुम्ही व्हीयू२ एवढं टाइप केलंत की ती वरच्या ओळीतला कुणाचा तरी पूर्ण कॉलसाइन सुचवते, आणि एंटर दाबलं की तो तिथे जाऊन बसतो. भारतातली बहुतेक स्टेशनं व्हीयू२ नाहीतर व्हीयू३ ने सुरू होतात, त्यामुळे आपल्याला हा धोका जास्त. ही सोय सेटिंगमध्ये जाऊन बंद करा. दुसरी गोष्ट म्हणजे कॉलसाइनच्या शेवटी चुकून पडलेली मोकळी जागा. ती दिसत नाही, पण शोधताना तोच माणूस सापडत नाही. बाजूच्या रिकाम्या खान्यात लेन हे फंक्शन लावून पाहा. सहा अक्षरांच्या कॉलसाइनला सात उत्तर आलं तर शेपटी लागलेली आहे. ट्रिम फंक्शनने ती कापता येते.

अंदमानचा व्हीयू४ आणि लक्षद्वीपचा व्हीयू७ यांच्याकडेही लक्ष असू द्या. देश आपलाच, पण किती देशांशी संपर्क झाला ते मोजायच्या हॅम मंडळींच्या डीएक्ससीसी यादीत हे दोन्ही वेगळे धरले जातात. पुढे शंभर देशांचा टप्पा गाठताना उपयोगी पडतील.

फ्रिक्वेन्सी, बँड, मोड

फ्रिक्वेन्सी मेगाहर्ट्झमध्येच लिहा, नेहमी. १४.०२५, ७.०८० अशी. बँडचा खाना हाताने भरू नका. दुसऱ्या पानावर एक छोटा तक्ता करा: डाव्या बाजूला बँडची सुरुवात, उजवीकडे नाव. १.८ समोर १६० मीटर, ३.५ समोर ८०, ७ समोर ४०, १०.१ समोर ३०, १४ समोर २०, १८.०६८ समोर १७, २१ समोर १५, २४.८९ समोर १२, २८ समोर १०, ५० समोर ६, १४४ समोर २ मीटर आणि ४३० समोर ७० सेंटिमीटर. मग ई खान्यात व्हीलुकअप लावा आणि शेवटचा पर्याय ट्रू ठेवा, म्हणजे तो फ्रिक्वेन्सीपेक्षा लहान आकड्यांतल्या सगळ्यात जवळच्या आकड्याची ओळ उचलतो. नाव लिहिताना आकड्याला चिकटून एम लावा, २०एम असं, मध्ये जागा नको. ७० सेंटिमीटरसाठी ७०सीएम.

याचा खरा फायदा चुका पकडायला होतो. घाईत किलोहर्ट्झमध्ये ७०८० लिहिलंत तर बँड ७० सेंटिमीटर दिसतो. ७.०८ मधला दशांशबिंदू एक घर सरकून ७०.८ झालं तर ६ मीटर. सकाळी ४० मीटरच्या नेटवर, म्हणजे ठरलेल्या वेळच्या सामूहिक गप्पांना, बसलेल्या माणसाला हे लगेच खटकतं.

मोड म्हणजे संदेश पाठवायची पद्धत. त्यासाठी निवडीची यादी लावून ठेवा: एसएसबी (आवाज), सीडब्ल्यू (मोर्स), एफएम (आवाज), एफटी८ (संगणकाकरवी). ४० मीटरवर आपण एलएसबीवर बोलतो आणि २० मीटरवर यूएसबीवर, पण मोडच्या खान्यात दोन्हीकडे एसएसबीच लिहा. बाहेरच्या लॉगिंग सेवा एसएसबीला मोड आणि यूएसबी-एलएसबीला त्याचे पोटप्रकार मानतात.

रिपोर्ट

आवाजाला ५९ सारखे दोन आकडे, मोर्सला ५९९ सारखे तीन, एफटी८ ला डेसिबलमध्ये -१२ किंवा +०३. हा खाना आधी ‘टेक्स्ट’ केला नसेल तर +०३ चं नुसतं ३ होतं. आणि कुणी ५/९ असं रेघ मारून लिहिलं तर शीट त्याची तारीख करून टाकते. मग पुन्हा फॉरमॅट बदललं तरी ५९ परत येत नाही, तिथे पंचेचाळीस हजारांच्या आसपासचा एक आकडा उभा राहतो.

आणि रिपोर्ट खरा द्या, खरा लिहा. सगळ्यांना सरसकट ५९ वाटायची पद्धत पडलीय. मला ती पटत नाही. समोरच्याने नवी डायपोल अँटेना बांधली असेल, तर तुमच्या ४३ मधून त्याला काहीतरी कळतं. ५९ मधून काहीच कळत नाही.

नाव, ग्रिड आणि शेरा

ग्रिड म्हणजे मेडनहेड पद्धतीने पृथ्वीचे पाडलेले चौकोन, रेखांशात दोन अंश आणि अक्षांशात एक अंश. पुणं एमके६८ मध्ये येतं, पणजी एमके६५ मध्ये, कोल्हापूर एमके७६ मध्ये, नागपूर एमएल९१ मध्ये. मुंबई एकोणिसाव्या अक्षांशावर बसलेली, त्यामुळे कुलाब्याचा हॅम एमके६८ मध्ये आणि अंधेरीचा एमके६९ मध्ये. नाशिककरांनी तर नकाशा उघडून स्वतःचं घर वीस अंशाच्या कुठल्या बाजूला आहे ते बघूनच ग्रिड लिहावा. समोरच्याने सांगितला तरच हा खाना भरा, शहरावरून अंदाजाने भरू नका.

नाव इंग्रजी अक्षरांत, कारण तो खाना बाहेर जातो. शेरा मात्र मराठीत लिहा, मनसोक्त लिहा. हा खाना कुठेच पाठवायचा नाही. माझ्या शेऱ्यांत ‘मुलीची दहावी आहे यंदा’, ‘घरी बनवलेला ट्रान्समीटर, पाच वॉट’, ‘घसा बसलेला, तरी अर्धा तास बोलले’ असलं काय काय आहे. महिन्यांनी तोच आवाज पुन्हा कानावर आला की मुलीच्या निकालाची चौकशी करता येते.

त्यासाठी एक सोय करून ठेवा. तिसऱ्या पानावर वर एक खाना शोधासाठी मोकळा ठेवा. त्यात कॉलसाइन टाकला की शेजारी व्हीलुकअपने नाव यावं, काउंटइफने किती वेळा बोललो ते यावं आणि मॅक्सइफ्सने शेवटची तारीख. तिन्ही सूत्रं मुख्य पानावर सी खान्यात शोधतात. सीक्यूला उत्तर आलं की कॉलसाइन टाका, आणि समोरच्याने नाव सांगायच्या आधी त्याला नावाने नमस्कार करा. समोरच्याच्या आवाजात जो फरक पडतो तो ऐकण्यासारखा असतो.

एक अपघात

दुसऱ्या वर्षी माझ्या शीटमध्ये सुमारे तीनशे संपर्क झाले होते. एका संध्याकाळी मला कॉलसाइन वर्णानुक्रमे लावून पाहायचे होते. मी सी खाना निवडला आणि क्रम लावायला सांगितला. एक्सेलने विचारलं होतं, शेजारचे खानेही सोबत घेऊ का, ‘एक्स्पांड द सिलेक्शन’. न वाचता मी दुसरा पर्याय दाबला. फक्त कॉलसाइन हलले, बाकी सगळं जागच्या जागी राहिलं. श्रीलंकेच्या स्टेशनसमोर इटलीच्या माणसाचं नाव, नेपाळसमोर जपानचा ग्रिड. मी फाइल सेव्ह करून बंद केली आणि दुसऱ्या दिवशी उघडली तेव्हा लक्षात आलं. त्या वेळी माझ्याकडे बांधीव वही होती म्हणून लॉग वाचला. तीनशे ओळी पुन्हा उतरवायला दोन रविवार गेले.

तेव्हा क्रम लावायचा असेल तर आधी पूर्ण तक्ता निवडा. त्याहून बरं म्हणजे मुख्य पानावर क्रम लावूच नका, फिल्टर वापरा. फिल्टर फक्त लपवतो, हलवत काही नाही. आणि उजवीकडे, शेऱ्याच्या पुढे, एक अनुक्रमांकाचा खाना वाढवून त्यात सूत्र न घालता साधे आकडे भरून ठेवा, म्हणजे काही विसकटलं तरी मूळ क्रमावर परतता येतं.

लॉग बाहेर पाठवताना

अमेरिकेतल्या एआरआरएल या संस्थेची लॉगबुक ऑफ द वर्ल्ड ही सेवा २००३ पासून आहे. दोघांनी आपापला लॉग चढवला की ती ओळी जुळवते आणि संपर्क पक्का करते. त्यासाठी आधी परवान्याची कागदपत्रं पाठवून प्रमाणपत्र घ्यावं लागतं आणि टीक्यूएसएल या त्यांच्या प्रोग्रॅममधून फाइलवर सही करावी लागते. दोन्हीकडच्या वेळेत अर्ध्या तासापर्यंतचा फरक ती चालवून घेते. साडेपाच तासांचा कधीच नाही.

या सेवांना फाइल लागते ती एडीआयएफ पद्धतीची. दिसायला ती अवघड आहे, पण आतून अगदी सरळ. प्रत्येक माहितीच्या आधी टोकदार कंसात तिचं नाव, मग विसर्गासारखी दोन टिंबं, मग पुढे किती अक्षरं येणार तो आकडा. समजा जिनिव्हाच्या ४यू१आयटीयू या स्टेशनशी वरच्याच वेळेला मोर्सवर संपर्क झाला. ओळ अशी होईल:

<कॉल:६>४यू१आयटीयू <क्यूएसओ_डेट:८>२०२५०११२ <टाइम_ऑन:४>१५४० <बँड:३>२०एम <मोड:२>सीडब्ल्यू <ईओआर>

इथला सहा हा आकडा इंग्रजीतल्या अक्षरांचा आहे. हा आकडा चुकला की पुढचा कॉलसाइन अर्धवट कापला जातो, म्हणून तो हाताने लिहू नका. शीटच्या शेवटच्या खान्यात असं सूत्र लावा: ="<कॉल:"&लेन(सी२)&">"&सी२. याच पद्धतीने & लावत पुढचे तुकडे जोडत जा. तारखेसाठी आणि वेळेसाठी बी२ वर टेक्स्ट फंक्शन वापरा, वर्ष-महिना-दिवस सलग आठ अंकांत आणि वेळ चार अंकांत. शेवटी ईओआर, म्हणजे ही नोंद संपली. हा खाना तयार झाला की तो निवडून कॉपी करा आणि नोटपॅडमध्ये चिकटवा. सगळ्यात वर एका ओळीत काहीही मजकूर आणि पुढे <ईओएच> लिहा. फाइल एडीआय या शेपटीने सेव्ह करा.

एफटी८ वापरत असाल तर डब्ल्यूएसजेटी-एक्स हा प्रोग्रॅम आपली एडीआयएफ फाइल आपणच लिहितो, ती तशीच चढवा. ते शेकडो संपर्क शीटमध्ये पुन्हा टाइप करण्यात अर्थ नाही. स्पर्धेच्या दिवशीही शीट बाजूला ठेवा आणि स्पर्धेसाठीचं सॉफ्टवेअर वापरा. मिनिटाला दोन-तीन संपर्क होत असताना खाने भरत बसता येत नाही.

जपून ठेवताना

महिनाअखेरीला फाइलची एक प्रत तारखेच्या नावाने पेन ड्राइव्हवर आणि एक दुसरीकडे कुठेतरी. सीएसव्हीतही एक प्रत काढा, कारण ती कुठल्याही प्रोग्रॅममध्ये उघडते. सीएसव्ही करताना यूटीएफ-८ हा प्रकार निवडा, नाहीतर मराठी शेऱ्यांच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं उरतात. आणि ती फाइल पुढे कधी एक्सेलमध्ये दुहेरी क्लिक करून उघडून सेव्ह करू नका. एक्सेल पुन्हा आपल्या समजुतीने आकडे लावतो आणि +०३ चं ३ होऊन बसतं. आयात करायच्या मार्गाने जा आणि ते खाने मजकूर म्हणून घ्या.

जुनी वही उतरवायला बसाल तेव्हा सगळी एकदम घेऊ नका. पहिले दहा संपर्क उतरवा, प्रत्येक ओळ वहीवर बोट ठेवून मोठ्याने वाचून ताडा आणि तेवढेच चढवा. आठवड्याभरात त्यांतले एक-दोन जरी जुळले तर मांडणी ठीक आहे, पुढे चला. एकही जुळला नाही, तर अकरावी ओळ लिहायच्या आधी बी खान्यातली तारीख तपासा.